अक्कांचं पाऊण मीटर

शैला अक्कांनी आयुष्यात हजारभर तरी सामने बघितले असतील, पण त्यांतला एकही कोण जिंकलं हे त्यांना सांगता आलं नसतं. शिफ्ट संपली की पदराने चष्मा पुसायचा, डबा पिशवीत टाकायचा आणि दाराशी जाता जाता समोर येईल त्याला विचारायचं, "काय झालं रे शेवटी?" एकदा मी मुद्दाम हरलेल्या संघाचं नाव सांगितलं. "बरं झालं बाई, लई पळत होते बिचारे," असं म्हणून त्या समाधानाने घरी गेल्या. दुसऱ्या दिवशी त्यांना खरं कळलं तरी समाधान काही कमी झालं नाही. दोन्हीकडचे पळतच होते की, म्हणाल्या.

खरं म्हणजे त्या सामना बघतच नसत. त्या गवत बघत आणि पाय बघत. आमचं काम पायाखालचं. टीव्हीवर क्रिकेट बघताना मैदानाच्या गवतावर सिमेंटची नाहीतर बँकेची भली मोठी जाहिरात पसरलेली दिसते, किंवा लांब उडीच्या वेळी वाळूवर विक्रमाची पिवळी रेषा दिसते, ती मैदानावर नसते. तिथे जाऊन बघाल तर नुसतं गवत आणि नुसती वाळू. मैदान कुठलंही असो, तिथल्या कॅमेऱ्यांचं चित्र तारेवरून बेंगळूरबाहेर बोम्मसंद्र्याला आमच्या बिनखिडक्यांच्या इमारतीत यायचं, आम्ही त्यात नसलेलं घालायचो आणि पुढे लोकांच्या घरी धाडायचो. शेजारच्या कारखान्यात पुठ्ठ्याची खोकी बनायची. दुपारी चहाच्या टपरीवर तिथले कामगार विचारायचे, तुमच्यात काय बनतं? अक्का म्हणायच्या, काही नाही, जे नसतं ते बनतं. ते लोक मान हलवायचे. त्यांना ते पटलेलं असायचं.

मी पुण्याहून इथे आलो तेव्हा माझ्या अंगात सिनेमा होता. आठ वर्षं चित्रपटांसाठी दृश्यं रंगवली होती, किल्ले पाडले होते, नद्यांना पूर आणले होते. पहिल्याच दिवशी मी अक्कांना माझ्या कामाचा नमुना दाखवला, त्यात एक तटबंदी कोसळते आणि धुळीतून घोडे बाहेर येतात. अक्कांनी तो दोनदा बघितला. साडी, वर स्वेटर, पायात खेळाचे बूट आणि पन्नाशीचं वय, असा त्यांचा अवतार. मला वाटलं, यांना काय कळणार.

"छान आहे," त्या म्हणाल्या. "किती दिवस लागले?"

मी अभिमानाने चार महिने म्हणालो.

"आमच्यात गोलंदाज पळायला लागला की सुरू करायचं आणि त्याने चेंडू टाकायच्या आत संपवायचं. शिकशील सावकाश. घाई नाही."

यातलं शेवटचं वाक्य त्या खरंच मनापासून बोलल्या होत्या, हे कळायला मला सहा महिने लागले.

त्यांचं चरित्र मला पूर्ण माहीत नाही आणि त्यांनी कधी सांगितलंही नाही. माहेर निपाणीचं. चित्रकलेच्या शिक्षिकेचा कोर्स केला, लग्न होऊन बेंगळूरला आल्या, शाळेत नोकरी मिळेना म्हणून एका छोट्या स्टुडिओत पडद्यावरची अक्षरं लिहायला लागल्या. अक्षरांवरून धावफलकावर आल्या, धावफलकावरून गवतावर. घरी, जे. पी. नगरात, नवरा प्रकाशराव. त्यांना खेळाचं वावडं. सुट्टीच्या दुपारी तोंडावर वर्तमानपत्र घेऊन झोपायचे. "बरं आहे," अक्का म्हणायच्या, "नाहीतर ऑफिसातनं येऊन घरी पण गवत बघायला लागलं असतं."

बेंगळूरची माझी मराठी मित्रमंडळी म्हणजे पुण्या-मुंबईची संगणकवाली. आमची मराठी निम्मी इंग्रजीत. अक्कांची मराठी ऐकली की वाटायचं, आपण काहीतरी घरी विसरून आलो आहोत. त्यात मधूनच कन्नड डोकवायचं. "स्वल्प" म्हणजे थोडं आणि "सरी" म्हणजे ठीक, हे दोन शब्द तर त्या मराठी, कन्नड, हिंदी तिन्ही भाषांत वापरायच्या. साहेब सोडले तर सगळ्यांना अरे-तुरे. मात्र राग आला की त्या एकदम 'तुम्ही'वर जायच्या. "अहो, जेवलात का?" असं अक्कांनी विचारलं की समोरच्याच्या घशाखाली घास उतरत नसे. आवाज कधी चढायचा नाही. चढायची गरजच पडायची नाही.

हिरव्या रंगाचं त्यांना जे कळायचं ते मी दुसऱ्या कुणात बघितलं नाही. आमच्या कामाची मेख अशी की संगणकाला सांगायचं, जिथे हिरवं दिसेल तिथेच चित्र पसर. जिथे हिरवं नाही तिथे माणूस उभा आहे, त्याच्या खालून जा. हे नीट जमलं तरच खेळाडू जाहिरातीवरून चालतोय असं वाटतं, नाहीतर जाहिरात त्याच्या अंगावर चढते. आता गवताचा हिरवा दिवसभर एक थोडाच राहतो? ढग आला की बदलतो, पाणी मारलं की बदलतो, सावली सरकली की अर्ध्या मैदानाचा एक आणि अर्ध्याचा दुसरा. अक्कांचा हात सतत एका गोल बटणावर असायचा आणि ते बटण त्या केसभर इकडे, केसभर तिकडे करत बसायच्या. आम्ही नवे लोक आकडे बघून रंग जुळवायचो. त्या भाज्यांनी जुळवायच्या. सकाळचं मैदान मेथी, ऊन चढलं की कोथिंबीर, पाणी मारलं की पालक, संध्याकाळी कच्चं केळं. "अक्का, काय परिस्थिती?" असं कुणी विचारलं की उत्तर यायचं, "डावीकडं अजून मेथी हाय, उजवीकडं कोथिंबीर झाली." आणि ते बरोबर असायचं. जयनगरच्या बाजारात मी एकदा त्यांच्याबरोबर गेलो होतो. पालकाची जुडी उन्हात धरून त्या इतका वेळ बघत राहिल्या की भाजीवालीला वाटलं ही बाई अळ्या शोधतेय. तिने चिडून जुडी ओढून घेतली.

एका फुटबॉलच्या सामन्यात तर मजाच झाली. गोलसमोरच्या गवतावर खाद्यतेलाची जाहिरात होती आणि गोलरक्षक पोपटी शर्ट घालून मैदानात आला. संगणकाला काय, शर्टही हिरवाच. सराव चालू असताना बघतो तर तेलाचा डबा त्याच्या पोटावर चढलेला. सामना सुरू व्हायला अर्धा तास. आम्ही चौघं आकड्यांशी झटापट करत होतो. अक्कांनी मैदानावरच्या आमच्या माणसाला फोन लावला आणि सरळ त्या गोलरक्षकाच्या हातात द्यायला सांगितला. मग कन्नडमध्ये निवांत गप्पा. कुठला रे तू, जेवलास का, आई काय करते. पाच मिनिटांनी तो केशरी शर्ट घालून बाहेर आला. मी विचारलं, काय सांगितलंत? तर म्हणाल्या, सांगितलं की या शर्टात टीव्हीवर पोट दिसतंय. हे खोटं आहे, मी म्हणालो. "दिसतच होतं की," त्या म्हणाल्या, "तेलाच्या डब्याएवढं."

आमच्या धंद्यात कौतुक कुणी करत नाही आणि अक्कांना ते हवंही नसायचं. आपलं काम लोकांना दिसायला लागलं म्हणजे काहीतरी बिघडलं, हा त्यांचा हिशोब. बिघडू नये म्हणून त्यांनी एक रिवाज पाडला होता आणि त्यावरून सगळं ऑफिस त्यांची चेष्टा करायचं. त्याला नाव होतं नमस्कार.

मैदानावर रेषा काढायची तर कॅमेरा नेमका कुठे आहे आणि कुठे बघतोय हे संगणकाला पक्कं माहीत हवं. सकाळी ती जुळवणी करायची. पण दिवसभरात कॅमेऱ्याच्या तिवईला कुणाचा धक्का लागतो, वाऱ्याने मचाण हलतं, आणि बोटभर हललं तरी शंभर पावलांवरची रेषा हातभर सरकते. म्हणून अक्का प्रत्येक कॅमेऱ्याला मैदानाबाहेरची एक न हलणारी वस्तू नेमून द्यायच्या, एखादा दिव्याचा खांब नाहीतर पाण्याची टाकी. दर तासाला आणि प्रत्येक महत्त्वाच्या फेरीआधी त्या कानावरच्या माइकमध्ये म्हणायच्या, "कॅमेरा दोन, नमस्कार कर." तिकडे मैदानावरचा कॅमेरामन कॅमेरा वळवून त्या खांबावर न्यायचा, इकडे पडद्यावरची फुली खांबाच्या टोकावर बसते का हे अक्का बघायच्या. बसली की "सरी." नवे कॅमेरामन हसायचे. जुने न सांगता नमस्कार करायचे. मला हा प्रकार भाबडेपणाचा वाटायचा, हे कबूल करतो. यंत्रं स्वतःच स्वतःची जुळवणी तपासतात, मग खांबाला नमस्कार कशाला?

एवढं सांगितल्यावर आता त्या दिवसाचं सांगायलाच हवं.

बेंगळूरच्याच एका मैदानावर राज्याच्या मैदानी स्पर्धा होत्या. सकाळी मुलींच्या भालाफेकीची अंतिम फेरी. राज्याच्या विक्रमाच्या अंतरावर अक्कांनी पिवळी रेषा आखलेली होती. कार्यक्रम वीस मिनिटं मागे पडला होता आणि मागे बसलेले आमचे प्रमुख राघवसर घड्याळाकडे बघत होते. मैदानाशी बोलण्याचं काम त्या दिवशी माझ्याकडे होतं. अक्का म्हणाल्या, "कॅमेरा दोन, नमस्कार." मी मध्येच बोललो, "राहू द्या अक्का, पंधरा सेकंदात आपण लाइव्ह जातोय." त्यांनी माझ्याकडे बघितलं. मग पुन्हा पडद्याकडे बघितलं आणि तो नमस्कार राहिला.

चौथ्या फेकीला सावित्री नावाची मुलगी आली, बेळगावकडच्या रायबाग तालुक्यातली. तिने फेकलेला भाला पिवळ्या रेषेच्या पलीकडे, चांगला वीतभर पलीकडे रुतला. समालोचक ओरडले, मैदानातल्या मोठ्या पडद्यावर बघून प्रेक्षक उठून उभे राहिले. मग मोजणीचे अधिकारी वेंकटरमण मास्तर आपली पोलादी टेप घेऊन वाकले. ते खेळाचे निवृत्त शिक्षक, आयुष्यभर हेच केलेलं. त्यांनी अंतर वाचलं. ते विक्रमापेक्षा कमी होतं. मुलीचा पहिला नंबर आला, विक्रम झाला नाही.

अक्कांनी त्याच क्षणी माइक ओढला आणि कॅमेरा दोनला नमस्कार करायला लावला. फुली खांबाच्या टोकावर नव्हती. खांबाच्या बाजूला, आकाशात होती. कुणीतरी फोटो काढायला मचाणावर चढलं होतं आणि तिवईला धक्का लागला होता, हे नंतर कळलं. अक्कांनी हिशोब केला. आमची रेषा खऱ्या जागेपेक्षा पाऊण मीटर अलीकडे पडली होती. मास्तर बरोबर होते आणि आम्ही साऱ्या राज्याला चुकीचं दाखवलं होतं.

"बघितलंत?" अक्का मला म्हणाल्या. बाकी काही नाही. त्या 'तुम्ही'ने मला पाणी पाणी केलं.

राघवसर वाईट माणूस नव्हते. त्यांनी शांतपणे सांगितलं की रेषा प्रेक्षकांना अंदाज यावा म्हणून असते, निकाल मैदानावर लागतो, तो बरोबर लागला आहे. दोन दिवसांत लोक विसरतील. पण दुपारपर्यंत ती चित्रफीत सगळ्यांच्या मोबाइलवर पोचली. रेषा पिवळीधमक, भाला पलीकडे, आणि वर म्हातारा माणूस टेप धरून कमी अंतर सांगतोय. खेड्यातली मुलगी म्हणून तिचा विक्रम चोरला, असं जो तो लिहू लागला. मास्तर बाहेर पडले तेव्हा पोरांनी त्यांच्या स्कूटरवर चिखल फेकला. संध्याकाळी स्पर्धा घेणाऱ्या संघटनेने त्यांना कळवलं की वातावरण निवळेपर्यंत मोजणीला येऊ नका.

चार वाजता शिफ्ट संपली. अक्कांनी मला बरोबर चलायला सांगितलं, कुठे ते सांगितलं नाही. होसूर रोडवरच्या गर्दीत दीड तास आम्ही गाडीत शेजारी शेजारी बसलो होतो. त्या खिडकीबाहेर बघत होत्या.

आधी आम्ही मैदानामागच्या वसतिगृहावर गेलो. सावित्री पायरीवर बसून बूट पुसत होती. अक्का तिच्याशेजारी पायरीवरच बसल्या.

"बाळ, ती पिवळी रेषा मी काढली होती," त्या म्हणाल्या. "ती चुकली. तुझा भाला विक्रमाच्या अलीकडंच पडला. मास्तरांनी बरोबर मोजलं."

मुलीने हातातला बूट खाली ठेवला.

"मला ठावं हाय, अक्का," ती म्हणाली. "भाला हातातनं सुटला तवाच कळलं, आज न्हाई. पर घरातनं फोन आला. समदी म्हणायलीत आमच्या पोरीचं चोरलं. आई रडायली. आता मी कसं सांगू?"

"तू नको सांगू. मी सांगते."

तिथून मास्तरांचं घर, जयनगरला. त्यांनी दार अर्धंच उघडलं. अक्का कन्नडमध्ये बोलल्या, उभ्यानेच, सगळं सांगितलं, हात जोडले. मास्तरांनी ऐकून घेतलं. आत या म्हणाले नाहीत. ते जे म्हणाले त्याचा अर्थ असा, की मी बरोबर मोजलं हे मला ठाऊकच आहे, मला सांगून काय उपयोग? ज्यांना ठाऊक नाही त्यांना सांगा. आणि त्यांनी दार लावलं. जिना उतरताना अक्का म्हणाल्या, "खरं बोलले की रे." पहिल्यांदा त्या 'रे'वर परत आल्या होत्या, पण मला काही बरं वाटलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी सातला त्या राघवसरांच्या टेबलासमोर उभ्या राहिल्या. रेषा सगळ्यांना दाखवली, तर चूकही सगळ्यांनाच दाखवायला पाहिजे, हे त्यांचं म्हणणं. कालचा कॅमेरा धक्का लागून सरकला तिथेच अजून आहे, कालची जुळवणीही जपून ठेवलेली आहे. तीच चुकीची रेषा पुन्हा काढायची, आणि खऱ्या विक्रमाच्या जागी आपण स्वतः जाऊन उभं राहायचं, म्हणजे कुणालाही कळेल. राघवसरांनी डोक्याला हात लावला. आपली चूक आपणच टीव्हीवर दाखवायची असा प्रकार या धंद्यात कुणी केलेला नव्हता. पुढच्या मोसमाचं काम आपल्याला मिळणार नाही, ते म्हणाले.

"नाही मिळणार," अक्का म्हणाल्या. "पण साहेब, त्या माणसाच्या दारावर उद्या कोणतरी दगड मारंल. माझ्या रेषेमुळं."

मग मी सांगून टाकलं, "सर, कालची तपासणी मी थांबवली. अक्का करणार होत्या."

"याचं ऐकू नका," अक्का माझ्याकडे न बघताच म्हणाल्या. "बटण माझ्या हातात होतं. याला नाही म्हणायला मला कुणी अडवलं नव्हतं."

राघवसरांनी चष्मा काढला, डोळे चोळले आणि पुन्हा लावला. "एक मिनिट," ते म्हणाले. "दुपारच्या जाहिरातीच्या आधी, फक्त एक मिनिट." एकदा ठरलं की ते पुरतं करणारे होते. संघटनेला फोन त्यांनीच लावला, आणि मास्तरांना बोलावणंही त्यांच्याच सांगण्यावरून गेलं.

पुढचं थोडक्यात सांगतो. ते काम खरंच आमच्याकडून गेलं. अक्कांना कुणी काढलं नाही, कुणी एक शब्द बोललं नाही, पण नव्या मोसमाच्या यादीत त्यांचं नाव नव्हतं, आणि ते नाही हे बघून त्यांनी राजीनामा लिहिला. निरोपाच्या दिवशी शेंगदाण्याच्या चटणीची एक बरणी त्यांनी माझ्या टेबलावर ठेवली आणि म्हणाल्या, हे आकड्यांनी जुळवू नको, चवीनं खा. आता त्या घराजवळच्या एका शाळेत मुलांना चित्रकला शिकवतात असं ऐकतो. मी अजून भेटायला गेलेलो नाही. जायला हवं, दर महिन्याला ठरवतो. मला लाज वाटते, आणि ती जाईल असंही वाटत नाही. आम्ही सगळे आता प्रत्येक फेरीआधी नमस्कार करतो, नव्या लोकांना ते नाव कुठून आलं हे माहीत नाही.

पण मला अक्का आठवतात त्या त्या दुपारच्या.

बारा वाजायला आले होते. मैदानावर ऊन पांढरंफटक. मी बोम्मसंद्र्याला त्यांच्या खुर्चीवर बसलो होतो, हात त्यांच्या बटणावर. पडद्यावर कॅमेरा दोनचं चित्र आलं. एका टोकाला, जिथून भाला फेकतात तिथे, मास्तर टेप घेऊन उभे होते. डोक्यावर पांढरी टोपी, चेहरा कोरा. सकाळपासून ते अक्कांशी एक शब्द बोलले नव्हते, हे मैदानावरच्या माणसाने मला फोनवर सांगितलं होतं. दुसरं टोक हातात धरून अक्का गवतावरून चालत निघाल्या. साडी, खेळाचे बूट. मास्तरांनी हात वर करून थांबवलं तिथे त्या थांबल्या. तो खरा विक्रम. मी कालची जुळवणी लावली आणि रेषा काढली. ती अक्कांच्या पायाशी यायला हवी होती. ती त्यांच्या अलीकडे, मास्तरांच्या बाजूला पाऊण मीटरवर पडली. दोन्हींच्या मध्ये एक खिळा होता, लाल फीत बांधलेला. भाला रुतला होता तिथे मास्तरांनी काल वाद सुरू होताच तो ठोकून ठेवला होता. रेषा, मग खिळा, मग अक्का. समजावून सांगायला काही उरलंच नव्हतं.

कुणीतरी त्यांच्यापुढे माइक धरला. त्या आधी कन्नडमध्ये बोलल्या, मग हिंदीत.

"काल दाखवलेली रेषा चुकली होती. ती मी काढली होती. मास्तरांचं माप बरोबर होतं. मी त्यांची माफी मागते."

बोलताना त्यांनी कॅमेऱ्याकडे बघितलं नाही. पायाखालच्या गवताकडे बघत होत्या. राघवसर मागून म्हणाले, रेषा काढून टाक. मी काढून टाकली.

मिनिट संपलं होतं. पण जाहिरात लागायला आणखी मिनिटभर उशीर झाला आणि कॅमेरा दोन तसाच सुरू राहिला. मास्तर टेप गुंडाळू लागले. दुसरं टोक अक्कांच्या हातात होतं, त्यांनी ते सोडलं नाही, त्यामुळे टेप आखडत गेली तशा त्या एकेक पाऊल त्यांच्याकडे चालत गेल्या. समोर येऊन उभ्या राहिल्या. मास्तरांनी टेपचं टोक त्यांच्या हातातून घेतलं, टेप काखेत धरली. मग स्वतःच्या डोक्यावरची पांढरी टोपी काढली आणि, ऊन फार होतं, ती अक्कांच्या डोक्यावर ठेवली.

तेवढ्यात जाहिरात लागली.